५४ ग्रॅम एमडी आणि जामीन कधी? आधी पंचनाम्यात पिशवीचं वजन शोधा

ताई, तुमचा प्रश्न दोनदा वाचला. मला समजलेलं असं: धाकटा भाऊ २३ वर्षांचा, पुण्यात तिघं मिळून भाड्याच्या फ्लॅटमध्ये राहतात, रात्री रेड पडली, रूममेटच्या सॅकमध्ये ५४ ग्रॅम एमडी हे ड्रग सापडलं, तिघांनाही उचललं. पहिला रिमांड ३ मार्चला झाला, आज ४७ वा दिवस. भावाच्या विरोधात काय, तर त्याने रूममेटला यूपीआयने पाठवलेले ८,००० रुपये आणि "आलं का?" असा एक व्हॉट्सअॅप मेसेज. पैसे भाड्याचे होते असं तुम्ही म्हणता. एक वकील म्हणतायत पंधरा दिवसांत बाहेर काढतो, दुसरे म्हणतायत दीड-दोन वर्षं विसरा, आणि तुम्ही विचारताय यातलं खरं कोण बोलतंय.

मी बरीच वर्षं सेशन्स कोर्टात फौजदारी प्रॅक्टिस करतोय, त्यात एनडीपीएसच्या, म्हणजे अमली पदार्थांच्या कायद्याच्या, केसेस भरपूर. माझं स्पष्ट मत, दोघंही आत्ता अंदाजपंचे बोलतायत. कारण तुमच्या केसमध्ये जामिनाचा सगळा खेळ चार ग्रॅमवर आहे, आणि ते चार ग्रॅम पावडरचे आहेत की प्लॅस्टिकच्या पिशवीचे हे तुमच्या प्रश्नात कुठेच नाही. बहुतेक तुम्हाला कुणी ते विचारलंही नसणार.

आधी हे ५० ग्रॅमचं काय ते सांगतो. एनडीपीएस कायदा १९८५ चा. २००१ च्या दुरुस्तीपासून त्यात प्रत्येक पदार्थाला दोन आकडे आहेत, स्मॉल क्वांटिटी आणि कमर्शियल क्वांटिटी. गांजाला १ किलो आणि २० किलो, चरसला १०० ग्रॅम आणि १ किलो, हेरॉइनला ५ ग्रॅम आणि २५० ग्रॅम, कोकेनला २ ग्रॅम आणि १०० ग्रॅम, आणि एमडीला म्हणजे मेफेड्रोनला २ ग्रॅम आणि ५० ग्रॅम. मधलं जे काही ते इंटरमीजिएट. कमर्शियल म्हणजे त्या आकड्यापेक्षा जास्त, बरोबर ५० भरलं तर ते कमर्शियल नाही. कमर्शियलला शिक्षा किमान १० आणि कमाल २० वर्षं, इंटरमीजिएटला जास्तीत जास्त १०, पण किमान अशी काही नाही. शिक्षेतला फरक खटल्याच्या शेवटी दिसतो, जामिनातला मात्र पहिल्या दिवसापासून दिसतो.

कमर्शियल असेल तर कलम ३७ आडवं येतं. सरकारी वकिलांनी विरोध केला (आणि ते करतातच, आयओचा म्हणजे तपास अधिकाऱ्याचा 'से', लेखी म्हणणं, ठरलेल्या साच्यातला असतो) की कोर्टाला दोन गोष्टी पटाव्या लागतात. एक, हा माणूस दोषी नाही असं मानायला वाजवी कारणं आहेत, आणि दुसरी, बाहेर आल्यावर तो असा गुन्हा करणार नाही. म्हणजे खटला सुरू व्हायच्या आधीच जवळपास निर्दोष असल्याचं दाखवायचं. नेहमीच्या केसमध्ये वय कमी, मागे गुन्हा नाही, घर आहे, पळून जाणार नाही एवढ्यावर जामिनाचा विचार होतो, तो इथे पुरत नाही. पण तोच माल ४९ ग्रॅम निघाला आणि २७-अ, म्हणजे धंद्याला पैसा पुरवल्याचं कलम, लावलेलं नसलं, तर ३७ चा अडसर जातो आणि तुमच्या भावाची केस साध्या जामिनाच्या रांगेत येते. एफआयआरवर अजामीनपात्र लिहिलेलं बघून घरचे घाबरतात, ते सोडा. रिया चक्रवर्तीच्या जामीन अर्जावर ऑक्टोबर २०२० मध्ये मुंबई हायकोर्टाने या कायद्यातले सगळे गुन्हे अजामीनपात्रच धरले आणि त्याच निकालात तिला जामीनही दिला. अजामीनपात्रचा अर्थ एवढाच की जामीन द्यायचा का ते कोर्ट ठरवणार.

आता पिशवी. पंचनाम्यात साधारण असं वाक्य असतं, "सदर पांढरट रंगाची पावडर इलेक्ट्रॉनिक वजनकाट्यावर प्लॅस्टिक पिशवीसह वजन केली असता ५४ ग्रॅम भरली". कधी पुढे "पिशवीविरहित निव्वळ वजन" असं वेगळं लिहितात, कधी लिहीतच नाहीत. तुम्हाला शोधायचंय ते हे वाक्य. २०२० मध्ये सुप्रीम कोर्टाने हिरा सिंगच्या निकालात ठरवलं की पावडरीत भेसळ असली तरी सगळं मिश्रण मोजायचं, शुद्ध माल किती टक्के ते बघायचं नाही, त्यामुळे "आमच्या एमडीत निम्मा तर खायचा सोडा होता" हा मुद्दा आता मेलाय, त्यावर वेळ घालवू नका. पण पिशवी हे काही मिश्रण नाही, ते पॅकिंग आहे. झिपलॉकची जाड पिशवी, तिच्यात पाच-सहा छोट्या पुड्या आणि वर चिकटपट्टी, एवढ्याचं वजन चार ग्रॅमच्या वर सहज जातं. माझ्या एका केसमध्ये पंचनाम्यात ५३ होतं आणि मॅजिस्ट्रेटसमोर कलम ५२-अ खाली इन्व्हेंटरी, म्हणजे जप्त मालाची मोजदाद, झाली तेव्हा निव्वळ वजन ४७ च्या आसपास भरलं, कारण पहिल्यांदा काट्यावर अख्खं पुडकंच ठेवलं होतं. त्या मुलाचा वकील तोवर बदललेला होता आणि आधीच्याने तो कागद पाहिलाच नव्हता, बिचाऱ्याचे पाच महिने तसेच गेले. गांजातही हाच प्रकार. कायद्यात गांजा म्हणजे झाडाचे फुलं-फळं आलेले शेंडे, नुसती पानं आणि बिया त्यात येत नाहीत, पण एका केसमध्ये मी झाडं मुळासकट, मातीसकट मोजलेली पाहिलीयत, आणि वर ती ओली. असो.

म्हणून पहिलं काम, जप्ती पंचनामा, ५२-अ ची इन्व्हेंटरी आणि मॅजिस्ट्रेटचं सर्टिफिकेट, आणि लॅबला सँपल पाठवतानाचं पत्र, या तिन्हीतली वजनं एकाशेजारी एक लिहून काढा. सीए रिपोर्ट, म्हणजे लॅबच्या केमिकल अॅनालायझरचा रिपोर्ट, आला असेल तर तोही घ्या, त्यात लॅबला मिळालेल्या सँपलचं वजन असतं. चार्जशीट यायच्या आधी सगळं मिळणार नाही, जे कोर्टात दाखल झालंय त्याच्या नकलेसाठी वकिलांना अर्ज करायला सांगा.

याची घाई एवढ्यासाठी की दिवस मोजले जातायत. चार्जशीट मुदतीत आलं नाही तर डिफॉल्ट जामीन मिळतो, त्यात केस खरी की खोटी हे बघतच नाहीत, कलम ३७ सुद्धा मध्ये येत नाही. कमर्शियलला ही मुदत १८० दिवस. इंटरमीजिएटला ६० दिवस, कारण ९० दिवस फक्त किमान दहा वर्षं शिक्षा असलेल्या गुन्ह्यांना, असं २०१७ मध्ये राकेश कुमार पॉलच्या निकालात सुप्रीम कोर्टाने म्हटलंय. फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्यात, बीएनएसएसमध्ये, शब्द थोडे बदललेत त्यामुळे सरकारी वकील ९० चा वाद घालू शकतात, त्याची तयारी ठेवायची. दिवस मोजताना रिमांडचा पहिला दिवस धरायचा, हे २०२३ मध्ये पक्कं झालंय. म्हणजे ३ मार्च हा पहिला दिवस, १ मेला ६० पूर्ण, ३१ मेला ९० आणि २९ ऑगस्टला १८०. अर्ज त्याच्या दुसऱ्या दिवशी. आज ४७ वा दिवस आहे, म्हणजे निव्वळ वजन ५० च्या आत असेल तर तुमच्या हातात तेरा दिवस आहेत आणि तुम्ही ते वकील निवडण्यात घालवताय. राग मानू नका.

डिफॉल्ट जामीन आपोआप मिळत नाही, मागावा लागतो, आणि चार्जशीट दाखल व्हायच्या आधी मागावा लागतो. एका केसमध्ये १८१ व्या दिवशी सकाळी साडेदहाला मी फाइलिंगच्या खिडकीपाशी उभा होतो, क्लार्क म्हणाला साहेब अकरानंतर या, मी म्हटलं थांबतो पण शिक्क्याशेजारी वेळ लिहून द्या. त्याने कुरकुरत १०.५० लिहिलं. दुपारी तीनच्या सुमाराला चार्जशीट आलं आणि सरकारी वकील म्हणाले आता हक्क संपला. नाही संपला, कारण २०२० मध्ये एम. रविंद्रनच्या केसमध्ये, तीही एनडीपीएसचीच, सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की अर्ज आधी पडला असेल तर नंतर आलेल्या चार्जशीटने तो हक्क जात नाही. त्या १०.५० वर तो मुलगा सुटला. कोविडच्या लॉकडाउनमध्येही ही मुदत वाढत नाही असं त्याच वर्षी कोर्ट म्हणालं होतं, मग "तपास अधिकारी बंदोबस्तात होते" वगैरेला काय अर्थ.

कमर्शियलमध्ये सरकारला मुदत एक वर्षापर्यंत वाढवून घेता येते. पण त्याला सरकारी वकिलाचा स्वतःचा रिपोर्ट लागतो, तपास कुठवर आला आणि आरोपीला आत ठेवणं का गरजेचं आहे ते लिहिलेला, आणि तो १८० संपायच्या आत यायला हवा. नुसतं आयओचं पत्र फॉरवर्ड केलं आणि खाली सही ठोकली तर चालत नाही. आरोपीला त्यावेळी हजर ठेवून कळवायलाही हवं. म्हणून ऑगस्टच्या दुसऱ्या पंधरवड्यात तुमच्या वकिलांनी प्रत्येक तारखेला काय दाखल होतंय ते डोळ्यात तेल घालून बघायचं. आणि सीए रिपोर्ट न जोडता चार्जशीट आलं तर ते अपूर्ण आहे यावर विसंबू नका, मुंबई हायकोर्टाच्या गोवा खंडपीठाने तो मुद्दा आपल्याकडे नाकारलाय.

इथवर जे सांगितलं ते वजनाचं आणि दिवसांचं. आता समजू निव्वळ वजनही ५० च्या वर निघालं, म्हणजे कमर्शियलच. मग भावाचं काय?

मग प्रश्न येतो की माल कुणाच्या ताब्यात होता. सॅक रूममेटची, सापडली त्याच्या पलंगाखाली असं तुम्ही लिहिलंय. एका फ्लॅटमध्ये राहतो म्हणून प्रत्येकाचा ताबा होत नाही, ताबा म्हणजे माहिती आणि कंट्रोल दोन्ही हवं. पोलिसांनाही हे कळतं, म्हणून भावाला ते कलम २९ मध्ये म्हणजे कटात घेतात, आणि कटाला आधार म्हणून रूममेटचा जबाब, पैसे आणि चॅट. जबाबाची फार भीती बाळगू नका, तोफान सिंगच्या निकालापासून, ऑक्टोबर २०२० पासून, एनसीबीच्या, म्हणजे केंद्राच्या अमली पदार्थविरोधी विभागाच्या, अधिकाऱ्यासमोर दिलेली कबुलीसुद्धा पुरावा म्हणून चालत नाही, पोलिसांसमोरची तर आधीही चालत नव्हती. राहिले ८,००० आणि "आलं का?".

इथे घरच्यांनी वकिलापेक्षा जास्त काम करायचं असतं. भावाच्या बँकेचं मागचं वर्षभराचं स्टेटमेंट काढा. दर महिन्याच्या १ ते ५ तारखेत त्याच रूममेटला ८,००० गेलेले असतील, लीव्ह अँड लायसन्स करारात भाडं २४,००० असेल आणि रूममेट ते मालकाला एकत्र पाठवत असेल, तर हे तीन कागद एका पानावर आले की कुठल्याही भाषणापेक्षा जास्त बोलतात. आणि जर तसं नसेल, म्हणजे ८,००० एकदाच गेलेत आणि तेही रेडच्या दोन दिवस आधी, तर ताई, वकिलाला खरं सांगा. भाड्याची गोष्ट रचून अर्जात लिहिली आणि आयओने स्टेटमेंट पुढे ठेवलं तर मग कोर्ट बाकीचंही काही ऐकत नाही. "आलं का?" चं पण तसंच, त्याच्या आधीचे आणि नंतरचे दहा मेसेज बघायला हवेत, पार्सल, गॅस सिलिंडर, पाणी, काहीही असू शकतं, पण ते चॅटमध्येच दिसायला हवं. आणि कुणीही, अगदी कुणीही, तुमच्या किंवा मित्रांच्या फोनमधलं काही डिलीट करू नका.

"तो फक्त घ्यायचा, विकायचा नाही" हे बरेच घरचे पहिल्याच दिवशी सांगून मोकळे होतात. माझा याला विरोध असतो. मित्राच्या सॅकमध्ये ५४ ग्रॅम असताना "मी घ्यायचो" म्हणजे मला माल माहीत होता हे आपणच कबूल करणं. खरंच व्यसन असेल तर उपचाराची वेगळी तरतूद आहे, कलम ६४-अ, ती स्मॉल क्वांटिटी आणि सेवनाच्या केसेसना लागते. आत त्याला त्रास होत असेल तर जेलच्या डॉक्टरांकडून तपासणीसाठी अर्ज करा, ते वेगळं.

तुम्ही विचारलंय की पर्सनल सर्चच्या वेळी कलम ५० ची नोटीस नीट दिली नाही, त्यावर सुटेल का. इंटरनेटवर हा मुद्दा सगळ्यात जास्त फिरतो. तो खरा आहे, पण अंगझडतीपुरता. जवळच्या गॅझेटेड ऑफिसरसमोर किंवा मॅजिस्ट्रेटसमोर झडती व्हावी हा हक्क आरोपीला सांगायलाच हवा आणि "किंवा मी स्वतः घेऊ का" हा तिसरा पर्याय छापलेला असेल तर ते चूक आहे, पण तुमच्याकडे माल अंगावर नाही, सॅकमध्ये सापडला, आणि बॅगेला कलम ५० लागत नाही हे २०२३ मध्ये पुन्हा स्पष्ट झालंय. तुमच्या केसमध्ये बघायचं ते कलम ४२. राहता फ्लॅट, रात्रीची वेळ, वॉरंट नाही. मग मिळालेली बातमी लिहून घेतली होती का, वरिष्ठांना ७२ तासांत कळवली का, रात्री वॉरंटविना का शिरावं लागलं त्याची कारणं लिहिलीयत का. स्टेशन डायरीची नोंद आणि वरिष्ठांच्या ऑफिसचा आवक शिक्का, या दोन तारखा जुळवून बघा. थोडा उशीर आणि त्याला पटेल असं कारण असेल तर कोर्ट सांभाळून घेतं, काहीच केलं नसेल तर मुद्दा जड होतो. ५२-अ मध्ये चुका असल्या तर पूर्वी जामिनाला बराच आधार मिळायचा, डिसेंबर २०२४ मध्ये काशिफच्या निकालात सुप्रीम कोर्टाने म्हटलं की नुसत्या त्या चुकीवर जामीन नाही, त्यामुळे आता तो जोडीचा मुद्दा म्हणून घ्यायचा. आणि अटकेची कारणं भावाला लेखी, त्याला समजेल अशा भाषेत, रिमांडच्या आधी दिली होती का तेही बघा. नोव्हेंबर २०२५ पासून तर रिमांडच्या किमान दोन तास आधी ती हातात हवीत.

आता पंधरा दिवसवाल्या वकिलांबद्दल. मी कुणाच्या पोटावर पाय देत नाही, पण तपास चालू असताना कमर्शियलमध्ये गुणवत्तेवर, म्हणजे केसमध्ये दम नाही म्हणून, अर्ज टाकला की बहुतेक वेळा तो फेटाळला जातो आणि वर चार-पाच पानांची ऑर्डर होते, "प्रथमदर्शनी सहभाग दिसतो" वगैरे लिहिलेली. ती ऑर्डर मग हायकोर्टापर्यंत मागे लागते. त्यापेक्षा ६१ व्या दिवशी निव्वळ वजनावर डिफॉल्टचा अर्ज टाकून हरलात तरी भावाच्या सहभागावर एक ओळ लिहिली जात नाही. चार्जशीट आल्यावर, सगळे कागद हातात घेऊन, मग रेग्युलर अर्ज. तो इथे फेटाळला तर मुंबईला हायकोर्टात जावं लागेल. कोल्हापूरला सर्किट बेंच ऑगस्ट २०२५ पासून सुरू झालंय पण पुणे जिल्हा त्यात नाही.

दीड-दोन वर्षंवाले म्हणतायत तेही अगदीच खोटं नाही. खटला रेंगाळला तर कलम ३७ असूनही जामीन मिळतो, मार्च २०२३ च्या मोहम्मद मुस्लीमच्या निकालात सुप्रीम कोर्टाने हे नीट मांडलंय, तो मुलगाही अटकेच्या वेळी २३ वर्षांचाच होता आणि सात वर्षांच्या वर आत होता. पण नेमके किती महिने झाले की मिळेल असा कोष्टकासारखा नियम नाही, जजनुसार बदलतं, मालानुसार बदलतं, आरोपी नंबर किती त्यावरही बदलतं. यात घरच्यांच्या हातात काय, तर रोजनामा, म्हणजे कोर्टात त्या तारखेला काय झालं त्याची नोंद. प्रत्येक तारखेची रोजनाम्याची नक्कल काढत जा. आरोपीला आणलं नाही, पंच आले नाहीत, सरकारी वकील रजेवर, जज ट्रेनिंगला, सगळं त्यात असतं. आणि आपल्या वकिलाने तारीख मागितली असेल तर तेही असतं, म्हणून दर दोन महिन्यांनी वकील बदलू नका, प्रत्येक नवा वकील पहिल्या तारखेला वेळच मागतो आणि तो उशीर भावाच्या नावावर चढतो.

जामीन मंजूर झाला की त्याच दिवशी घरी आला असं होत नाही. जामीनदार, त्याचा सॉल्व्हन्सीचा दाखला, सातबारा किंवा पगाराची स्लिप, व्हेरिफिकेशन, यात आठवडा जातो, म्हणून वकिलांना काही आठवड्यांसाठी कॅश बेलची, म्हणजे जामीनदाराऐवजी रोख भरून सुटायची, मुभा त्याच ऑर्डरमध्ये मागायला सांगा. संध्याकाळची वेळ चुकवून रिलीज ऑर्डर जेलला पोचली तर रात्र आतच. पासपोर्ट जमा, पोलीस स्टेशनला हजेरी या अटी चालतात, फोनचं लोकेशन सतत पोलिसांना दिसेल असं ठेवा अशी अट घालता येत नाही, हे जुलै २०२४ मध्ये एनसीबीच्याच एका केसमध्ये ठरलंय. आणि "आतून सेटिंग करून देतो" म्हणणारा कोर्टाच्या आवारात भेटेलच, त्याला चहासुद्धा पाजू नका.

दोघांपैकी कुठला वकील घ्यायचा ते मी सांगणार नाही. दोघांना एकच प्रश्न विचारा, पंचनाम्यातलं ५४ ग्रॅम पिशवीसह आहे की पिशवीविना. जो फाइल उघडून बघतो तो घ्या. आणि तुम्हाला ते पान मिळालं की वजनाचं वाक्य जसंच्या तसं इथे टाका, नावं आणि गुन्हा नंबर झाकून. १ मेच्या आत टाका.